मागचं पाणी

भरती पुरी भरून पाणी थबकलं, की सोमोए होडीच्या पुढच्या टोकाशी, नाळेवर मांडी घालून बसायची आणि किपिमा दोन्ही हातांत धरायची. सुपाएवढं ते कडं, तिवराचं ओलं लाकूड वाकवून केलेलं. आत काथ्याच्या बारीक दोऱ्या आडव्याउभ्या ताणलेल्या आणि दोऱ्यांवर कवड्या ओवलेल्या. वारा कितीही सुटो, त्या कवड्या हलत नसत. काळाची ओढ लागली तरच सरकत. जिथं सरकतील तिथं सोमोए दोरीला गाठ मारी. तिच्या वडिलांनी, फमाऊबाबांनी, हयातभर मारलेल्या गाठी जिथल्या तिथं होत्या. हिच्या त्यांच्या शेजारी. साऱ्या गाठींचा मिळून किरुंगेच्या खाड्यांचा नकाशा झाला होता, आणि तो वाचणारं आपल्याशिवाय गावात कुणी उरलेलं नाही अशी सोमोएची समजूत होती.

किरुंगेच्या तिवरांतून दोन पाणी वाहतात, आजचं आणि मागचं, हे तिथलं शेंबडं पोरही सांगेल. मागच्या पाण्याच्या धारा बारीक, काथ्याएवढ्या. पण काथ्यातही पाय अडकतो. एकदा एक कोळी चुकून अशा धारेत शिरला आणि परतला तर त्याचं फाटकं जाळं कोरं करकरीत झालेलं. गडी खूश. घरी गेला तर बायकोला ओळखेना, कारण जाळं नवं होतं तेव्हा त्याचं लग्नच व्हायचं होतं. तेव्हापासून कुठलाही शिडाचा पडाव लामूच्या बाजाराला निघाला की आधी सोमोएच्या दाराशी निरोप यायचा. ती पुढे होडी घालून पडावाला धारांच्या कडेकडेनं बाहेर काढून द्यायची.

मोतीबिंदू काढायला म्हणून ती लामूला जाऊन बरेच दिवस राहिली. परत आली त्या सकाळी सामान घरात टाकलं, भिंतीवरचा किपिमा काढला आणि सवयीनं धक्क्याला बांधलेल्या आपल्या होडीत जाऊन बसली. भरती थबकली आणि कवड्या सुटल्या. एकेक करत नव्हे, साऱ्या एकदम, खडखडत, कड्याच्या एका अंगाला जाऊन ढीग करून बसल्या. सोमोएनं कडं फिरवून पाहिलं. कवड्या फिरून त्याच दिशेला. तिथं खाडी नव्हती. तिथं गाव होतं.

तिनं नव्या डोळ्यांनी दोऱ्या निरखल्या. जुन्या तिवरांपाशी, जिथं बाबांची एक बारकीशी गाठ होती, तिथं तिला नवी गाठ दिसली. ती तिनं मारलेली नव्हती. पीळ उलटा होता. डावखुऱ्या माणसाच्या हातचा. गावात डावखुरे दोघेचौघे असतील. पण बाबांच्या मांडीशी बसून गाठी शिकलेला एकच होता. तिचा धाकटा भाऊ अथमान.

ती गावात चढली. मशिदीच्या ओट्याशी दुमिला कॉफीवाला पितळी किटलीखालचे निखारे फुंकत होता.

"आलीस का, बीबी सोमोए! नवे डोळे घेऊन आलीस म्हणे. बघ बरं, मी तरणाबांड दिसतो का?"

"डोळे नवे असले तरी बघायचं जुनंच आहे ना रे," सोमोए म्हणाली.

दुमिला खदखदून हसला. त्याचे पुढचे दात डोलकाठी तोंडावर आपटून पडले होते, त्याला जमाना झाला. आता ते जागच्या जागी होते. पांढरे, घट्ट.

"दुमिला, तुझे दात..."

"काय झालं दातांना?" त्यानं जीभ फिरवून पाहिली. "काही अडकलंय का?"

त्याला काहीच माहीत नव्हतं. तेवढ्यात दुपारची बांग झाली. बांग देणाऱ्याचा आवाज मध्येच चिरकला, तो खोकला, पुन्हा लागला. त्या खोकल्याचा माणूस सोमोएच्या डोळ्यांदेखत मातीआड झाला होता. ओट्यावरची माणसं सावकाश उठली, हातपाय धुवायला गेली. कुणी मान वर करूनही पाहिलं नाही.

अथमानच्या घरी त्याची बायको कोंबो अंगणात हमरी तळत होती. नारळाच्या रसात मळलेल्या पिठाचा गोड वास सुटला होता. उंबऱ्यावर बुनू बसलेला, त्यांचा चार वर्षांचा मुलगा, गालांवर अश्रू वाळलेले.

"या ताई, बसा." कोंबोनं झारा बाजूला ठेवला आणि आवाज खाली आणला. "हे पोर कुणाचं हो? सकाळपासनं दारात बसलंय. चांगल्या घरचं दिसतंय. मी विचारलं तर मलाच आई म्हणतंय, वेडं!"

सोमोए नुसती कोंबोकडे बघत राहिली. कोंबोच्या चेहऱ्यावरचं हसू हळूहळू विरलं. मग एकदम तिनं कपाळावर हात मारला आणि धावत जाऊन पोराला उचललं. "अल्लाह! बुनू! माझं बाळ! ताई, मला काय झालं होतं? उन्हानं झालं असेल का?"

"उन्हानंच," सोमोए म्हणाली. तिनं बुनूला आपल्याकडे घेतलं. पोर रिकाम्या टोपलीसारखं हलकं लागलं. खाली सोडल्यावर ते चुलीपुढच्या राखेतून आईकडे चालत गेलं. राखेत पाऊल उमटलेलं नव्हतं.

अथमान किनाऱ्यावर होता. पडाव वाळूत कलता करून फळ्यांच्या फटींत कापूस ठोकत होता.

"किती वेळा गेलास?" सोमोएनं उभ्या उभ्याच विचारलं.

"कुठं?"

"डाव्या हाताची गाठ मारून ठेवतोस आणि मलाच विचारतोस कुठं?"

हातोडी थांबली. नजर फळीवरच ठेवून तो म्हणाला, "तू लामूला होतीस. किपिमा भिंतीवर होता. नुसता बघायला म्हणून काढला."

"किती वेळा, अथमान?"

"मोजलं नाही." मग त्यानं मान वर केली. त्याचे डोळे चमकत होते, ताप चढलेल्या माणसाचे चमकतात तसे. "ताई, ती तिथं आहे. आपल्या धक्क्यावर. कालवं फोडत बसते, गाणं म्हणते. तसलंच ते बेसूर."

कोण, हे विचारायची गरज नव्हती. तिमा, अथमानची थोरली लेक. बुनूच्या जन्माआधी, एका वाईट पावसाळ्यात ती तापानं गेली. अथमान तेव्हा खोल समुद्रावर मासेमारीला गेलेला. परतला तेव्हा कबरीवरची मातीसुद्धा वाळून गेली होती. त्यावर तो कधी बोलला नाही. रडलाही नाही.

"बाबा काय सांगायचे ते विसरलास?" सोमोए त्याच्यासमोर वाळूत बसली. "धारेतून होडी गेली की धार रुंदावते. तू जाऊन जाऊन तिची खाडी केलीस. आता ती गावात शिरलीय. दुमिलाच्या तोंडात दात आलेत."

"मग त्याचं चांगलंच झालं की. कणीस खाईल."

"थट्टा नको. मागच्या दिवसांत बुनू कुठं होता, सांग."

अथमाननं फटीत कापूस कोंबला.

"आज कोंबोनं त्याला ओळखलं नाही. पोटच्या पोराला विचारत होती, तू कुणाचा म्हणून."

"कोंबो थकलीय. तू मला घाबरवायला बघतेस." त्यानं हातोडी वाळूत फेकली. "एकदा चल माझ्याबरोबर. एकदा बघ तिला. मग म्हण, जाऊ नकोस. तू म्हणशील ते ऐकेन."

सोमोएनं नाही म्हणायला हवं होतं. आपण गेलो की धार आणखी रुंदावणार हे तिच्याइतकं कुणाला कळत होतं? पण धारेचं तोंड केवढं झालंय हे जवळून मापल्याशिवाय ते बुजवायचं कसं, असं तिनं स्वतःला समजावलं. ते खरंही होतं. फक्त तेवढंच खरं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी भरती थबकताच दोघं जुन्या तिवरांत शिरली. पाणी थबकलेलं असेतोवरच आत जाता येतं. एकदा ओढ सुरू झाली की ती तिकडून इकडे, मागून आजकडे असते, आणि तीच होडीला परत आणते. सोमोएच्या मांडीवर किपिमा होता. कवड्या थरथरत होत्या. काथ्याएवढ्या धारेच्या जागी आता दोन पडाव शेजारी शेजारी जातील एवढं तोंड होतं. पक्ष्यांचा कलकलाट मागे राहिला. वल्ह्याचा आवाजही कापसात गुंडाळल्यासारखा झाला. मग झाडं ठेंगणी झाली, आणि फांद्यांच्या फटीतून धक्का दिसला. सिमेंटचा नव्हे, पूर्वीचा, लाकडी.

तिमा तिथं होती. पिवळ्या छापील कांगा-कापडाचा तुकडा कमरेला गुंडाळून फतकल मारून बसलेली. दगडानं कालवं फोडत होती आणि खरंच बेसूर गात होती. सोमोएला वाटलं होतं, भूत दिसेल, धुकं दिसेल. पण ही पोर घामेजली होती. नाक ओढत होती. गुडघ्यावरची खपली खाजवत होती. तिच्यामागे दगडावर बसून काथ्या वळत होते फमाऊबाबा.

सोमोएला वाटलं, एक हाक मारावी. एकच. अथमाननं तिचं मनगट धरलं होतं की तिनं त्याचं, ते तिला कळेना.

बाबांचा हात थांबला. त्यांनी शेजारचा किपिमा उचलला, त्याच्याकडे पाहिलं, आणि मग मान वळवून थेट तिवरांकडे, ही दोघं लपली होती तिथंच, नजर लावली. चेहऱ्यावर राग नव्हता. भीती होती. आपल्या बापाला घाबरलेलं सोमोएनं जन्मात पाहिलं नव्हतं. त्यांनी तळहात पुढे करून दोनदा ढकलल्यासारखा केला. मागे. मागे जा.

दोघं परतली. ओढ एवढी होती की वल्हं मारावं लागलं नाही.

घराच्या पायरीवर बुनू बसला होता. गल्लीतली माणसं त्याला वळसाही न घालता, जणू पायरी रिकामी आहे अशी, अगदी अंगावरून जात होती. अंगणात कोंबो गुणगुणत भात वाढत होती. ताटं तीन.

"आलात?" ती हसली. कालच्यापेक्षा तरुण दिसत होती. "तिमा कुठं उंडारतेय? भात निवेल. तिला हाक मारा की."

"कोंबो," अथमान म्हणाला, "बुनूला वाढलंस का?"

"कोण बुनू?"

"आपला मुलगा."

"तुमच्या तोंडात साखर पडो," ती लाजली. "अल्लाह देईल तेव्हा देईल."

अथमान तसाच वळला आणि पायरीवर आला. पोरानं मान वर केली. त्याच्या तोंडावर रंगच राहिला नव्हता, धुऊन धुऊन विटलेल्या कापडासारखा चेहरा.

"बाबा, आई मला घरात घेत नाही," बुनू म्हणाला. रडत नव्हता. रडण्याएवढं त्याच्यात काही उरलंच नसावं. "मी काय केलं?"

अथमान तिथंच खाली बसला. त्यानं पोराला छातीशी घेतलं, पण हात जणू रिकाम्यावर मिटत होते. मग त्याच्या गळ्यातून असा आवाज निघाला की सोमोएनं तोंड फिरवलं. तिमाच्या कबरीपाशी जो निघाला नव्हता तो इतक्या वर्षांनी निघाला.

"कसं बुजवायचं ते सांग," तो शेवटी म्हणाला.

"पडाव दगडांनी भरून तोंडात बुडवायचा. पण या बाजूनं नाही जमणार. इकडून बुडवला तर ओढ त्याला बाहेर फेकून देईल. तिकडून, आत जाऊन सोडला, तर तीच ओढ त्याला तोंडात ठोकून बसवेल. पाचरीसारखा."

"म्हणजे जो सोडेल तो तिकडेच राहील."

"म्हणून मी जाणार," सोमोए म्हणाली. "माझ्यामागे कोण आहे? ना नवरा, ना पोर."

"भरलेल्या पडावाचं शीड तुला एकटीला पेलणार आहे का? नाळेवर बसून हुकूम सोडणं वेगळं."

"अथमान..."

"आणि ताई, पाणी कधी थबकेल हे मी कसं वाचणार? किपिमा धरून तोंडाशी तूच हवीस."

त्याचं बरोबर होतं, आणि बरोबर होतं म्हणूनच सोमोएला त्याची भीती वाटली. तो फार लवकर उठला. फार लवकर दगड भरायला लागला. पडक्या भिंतींचे पोवळ्याचे धोंडे तो एकामागून एक उचलत होता, आणि त्याच्या तोंडावर दुःख होतं तसं आणखीही काहीतरी होतं. दुमिलानं विचारलं, "काय नाखवा, दगड विकायला काढलेत काय?" तेव्हा तो चक्क हसला.

पुढल्या दिवशी दुपारची भरती भरत आली. निघण्याआधी त्यानं बुनूला सोमोएच्या हातात दिलं आणि पोराच्या डोक्यावर बराच वेळ ओठ टेकून उभा राहिला. कोंबोला त्यानं एवढंच सांगितलं, की येतो. ती म्हणाली, येताना तिमाला घेऊन या.

धारेच्या तोंडाशी सोमोएनं आपली होडी तिवराला बांधली. बुनू तिच्या पायांशी गोळा होऊन पडला होता. पडाव काठोकाठ पाण्यात बसलेला, शेजारून हळू सरकत होता.

"खरं सांग," ती म्हणाली. "तू ह्याच्यासाठी चाललास की तिच्यासाठी?"

अथमाननं सुकाणू सोडलं नाही. "तिकडं अजून पावसाळा लागायचाय, ताई."

"ती वाचणार नाही. तुला ठाऊक आहे. किपिमा वाट दाखवतो, झालेलं बदलत नाही."

"वाचणार नाही, ठाऊक आहे," तो म्हणाला. "पण ह्या खेपेला मी समुद्रावर नसेन."

कवड्या थांबल्या. पाणी थबकलं. सोमोएला वाटलं, सांगू नये, हा क्षण जाऊ द्यावा. मग पायांशी बुनूनं श्वास घेतला, तो इतका बारीक होता की तिनं हात वर केला. "जा!"

शिडात वारा भरला. तिवरांच्या हिरव्या अंधारात पडाव शिरला आणि दिसेनासा झाला. थोड्या वेळानं ओढ सुरू झाली, मग लाकूड कुठंतरी करकरलं, दगड गडगडल्याचा खोल आवाज पाण्याखालून आला, आणि ओढ मधोमध तोडल्यासारखी थांबली. किपिम्यावर रचलेला कवड्यांचा ढीग पसरला. एकेक कवडी आपापल्या जागी परतली.

"आत्या," बुनू म्हणाला, "भूक लागली." त्याच्या वजनानं होडी एका बाजूला कलली होती.

गावात दुमिला तोंडावर हात धरून बसला होता. कोंबो केस मोकळे सोडून धक्क्यापर्यंत धावत आली, पोराला ओरबाडून घेतलं, आणि मग मागे रिकाम्या खाडीकडे बघून तिनं नवऱ्याचं नाव घेतलं. सोमोएनं सगळं सांगितलं. कोंबोनं विश्वास ठेवला की नाही कळलं नाही. पण त्या दिवसापासून ती सोमोएशी कामापुरतं बोलते. गाव म्हणतं, अथमान बुडाला. सोमोए हो म्हणते. ते सोपं पडतं.

नंतरचं एवढंच. त्या पाठोपाठच्या पावसाळ्यात एका सकाळी मासा साफ करता करता सोमोएला आठवलं, की तिमा आजारी पडली त्या वर्षी गावात एक परका माणूस आला होता. फेट्याच्या टोकानं तोंड झाकलेला. हे तिला यापूर्वी कधी आठवलं नव्हतं. आठवायला तसं काही नव्हतंच. याची तिला खात्री आहे. आता मात्र ते स्वतः पाहिल्यासारखं स्वच्छ होतं.

पुढे आणखी आठवू लागलं. तो माणूस घरासमोरच्या कडुलिंबाखाली बसून असायचा. बाबा त्याच्याजवळ जाऊन बसत, तासन् तास, दोघंही गप्प. बाबांनी तिला सांगितलं, त्याला जेवण नेऊन दे. तिनं नारळाच्या रसातला मासा आणि भात नेऊन समोर ठेवला. परक्या पुरुषाच्या तोंडाकडे कशाला बघायचं म्हणून ती न बघता परतली. त्यानं डाव्या हातानं ताट ओढून घेतलं होतं. तिमाला ताप चढला तेव्हा तो दाराशी आला. बायका ओरडल्या. बाबा म्हणाले, त्याला आत येऊ द्या.

तिथपर्यंत आलं आहे. दर सकाळी थोडं थोडं येतं, भरतीसारखं. आजकाल गावात कुजबुज चालते, की त्या वर्षी कोण तो वेडा होता, त्याचं पुढे गावानं काय केलं, आठवतं का कुणाला? जुनी माणसं एकमेकांची नजर चुकवतात, म्हणजे त्यांना सोमोएच्या पुढचं आठवू लागलं असावं.

सोमोए उठते, किपिमा काढते, जुन्या तिवरांपाशी जाते. कवड्या शांत असतात. एकच, अगदी टोकाची, सावकाश गावाकडे सरकत असते.